वाचकांचे प्रश्न : भयपटाच्या सेटवरचा स्थिर छायाचित्रकार

गेल्या अंकात १९७०च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत अल्प खर्चात निघालेल्या भयपटांवर एक लेख होता. त्यासोबतच्या छायाचित्रांखाली ‘स्थिर छायाचित्रण : किम गॉटलीब-वॉकर’ असे श्रेय छापले होते. त्यानंतर आलेल्या पत्रांपैकी बरीचशी मूळ लेखापेक्षा या एका ओळीविषयीच होती. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून त्यांतील सहा प्रश्नांना येथे उत्तरे दिली आहेत.

प्रश्न : पोस्टरवर किंवा वर्तमानपत्रात येणारी प्रसंगचित्रे चित्रपटाच्या फितीतूनच काढलेली असतात, असा माझा आजवर समज होता. तसे नसेल, तर त्यासाठी वेगळा माणूस कशाला लागतो? (एक विद्यार्थी, सांगली)

हा समज पुष्कळांचा असतो आणि आजच्या डिजिटल चित्रीकरणात तो क्वचित खराही ठरतो. मात्र ज्या काळाविषयी तो लेख होता, त्या काळात फितीतून छापण्याजोगे छायाचित्र मिळवणे फार कठीण होते. चित्रपटाचा कॅमेरा सेकंदाला २४ चौकटी टिपतो आणि प्रत्येक चौकटीवर साधारणपणे एक अठ्ठेचाळीसांश सेकंद प्रकाश पडतो. तेवढ्या वेळात वळलेली मान किंवा उगारलेला हात फितीवर किंचित फरकटलेला उमटतो. पडद्यावर हाच फरकटलेपणा हालचालीला सलगपणा देतो, पण ती चौकट कागदावर आली की चित्र हललेले वाटते. शिवाय ३५ मिलिमीटरच्या फितीवर चित्रपटाच्या एका चौकटीला सुमारे २२ बाय १६ मिलिमीटर जागा मिळते, तर तीच फीत साध्या कॅमेऱ्यात आडवी धावत असल्यामुळे तिथे चौकट ३६ बाय २४ मिलिमीटरची होते, म्हणजे क्षेत्रफळ जवळजवळ अडीचपट मिळते आणि मोठ्या छपाईत त्याचा फरक लगेच जाणवतो.

तरीही खरे कारण तंत्रापलीकडचे आहे. चित्रपटात दोन पात्रे समोरासमोर उभी आहेत हे आपल्याला आलटून पालटून दाखवलेल्या चेहऱ्यांवरून कळते, आणि अनेकदा ती दोघे एका चौकटीत एकत्र कधी येतच नाहीत. जाहिरातीला मात्र ती दोघे एकत्र हवी असतात. पडद्यावर दोन मिनिटे चढत जाणारी भीती छायाचित्राला एकाच क्षणात सांगावी लागते. त्यामुळे स्थिर छायाचित्रकार चित्रपटाची नक्कल करत नसतो. त्याच प्रसंगाचे, त्याच प्रकाशात, पण वेगळ्या जागी उभे राहून तो दुसरे चित्र रचत असतो.

कधी कधी तर तेवढेच चित्र मागे उरते. लॉन चॅनी यांची प्रमुख भूमिका असलेल्या ‘लंडन आफ्टर मिडनाइट’ या १९२७च्या मूक भयपटाची शेवटची ज्ञात प्रत १९६०च्या दशकात एमजीएम या हॉलिवूडमधील चित्रपट कंपनीच्या साठवणगृहाला लागलेल्या आगीत नष्ट झाली. २००२ मध्ये टीसीएम या अमेरिकन वाहिनीसाठी त्याची जी पुनर्रचना झाली, ती सेटवर काढलेली स्थिर छायाचित्रे क्रमाने लावूनच करावी लागली. उंच टोपी आणि अणकुचीदार दातांतील चॅनी यांचा जो चेहरा आज भयपटांच्या इतिहासात हमखास छापला जातो, तो त्या छायाचित्रांमुळेच आपल्यापर्यंत पोहोचला.

प्रश्न : स्थिर छायाचित्रकाराची कारकीर्द प्रत्यक्षात कशी घडते, हे एखाद्या उदाहरणाने समजावून सांगाल का? मी स्वतः लग्नसमारंभांचे छायाचित्रण करते आणि या क्षेत्राकडे वळण्याचा विचार आहे. (एक वाचक, पुणे)

उदाहरण गॉटलीब-वॉकर यांचेच घेऊ. त्यांनी शिक्षण चित्रपटनिर्मितीचे घेतले, पण नाव मिळवले ते संगीताच्या जगात. १९६७ मध्ये त्यांनी जिमी हेन्ड्रिक्स यांची छायाचित्रे काढली, आणि १९७५-७६च्या सुमारास बॉब मार्ली व जमैकातील इतर रेगे गायकांची त्यांनी काढलेली छायाचित्रे पुढे २०१० मध्ये पुस्तकरूपाने आली. संगीताच्या मैफलीत रंगमंचाचा प्रकाश आपल्या हातात नसतो, गायक आपल्यासाठी थांबत नाही आणि आपण मध्ये आलेलो कोणालाच खपत नाही. माझ्या मते चित्रपटाच्या सेटसाठी याहून चांगली तालीम नाही, आणि लग्नाच्या मांडवातही या तीनपैकी दोन गोष्टी आपण रोज अनुभवत असालच.

१९७८ मध्ये त्या दिग्दर्शक जॉन कारपेंटर यांच्या ‘हॅलोवीन’च्या सेटवर होत्या. या चित्रपटाचा खर्च तीन लाख डॉलरच्या आसपास होता आणि चित्रीकरण तीनेक आठवड्यांत उरकायचे होते. कथा ऑक्टोबरअखेरीस इलिनॉय राज्यातील एका गावात घडते, पण चित्रीकरण झाले कॅलिफोर्नियात, ऐन वसंतात. पानगळीचा भास निर्माण करण्यासाठी रंगवलेली पाने रस्त्यावर पसरायची, दृश्य झाले की गोळा करायची आणि पुढच्या रस्त्यावर पुन्हा पसरायची, असा क्रम चालला होता. चित्रपट पाहताना प्रेक्षकाची नजर पात्राबरोबर पुढे सरकते, म्हणून मागे उभे असलेले ताडाचे झाड त्याला खटकत नाही. छायाचित्र मात्र वाचक हवा तेवढा वेळ न्याहाळतो. त्यामुळे चित्रपटाच्या कॅमेऱ्याला परवडणारी चूक स्थिर छायाचित्रकाराला परवडत नाही, आणि अशा सेटवर त्याला आपली उभे राहण्याची जागा मुख्य कॅमेऱ्यापासून वेगळी शोधावी लागते.

दुसरी अडचण त्या चित्रपटाच्या शैलीतूनच येत होती. छायालेखक डीन कंडी यांनी पॅनाग्लाइड हे शरीराला बांधून चालवायचे उपकरण वापरले, आणि चित्रपटाची सुरुवात खुन्याच्या नजरेने घरात शिरणाऱ्या एका लांबलचक दृश्याने होते. कॅमेराच जेव्हा खोल्याखोल्यांतून फिरतो, तेव्हा त्याच्या मागे चालणाऱ्या मोजक्या माणसांखेरीज इतरांना उभे राहायला जागाच उरत नाही. अशा वेळी तालमीत काय मिळते आणि टेक संपल्यावर नटमंडळी अर्धा मिनिट थांबतात का, यावर स्थिर छायाचित्रकाराचे काम अवलंबून असते. नट थांबतील की नाही, हे बव्हंशी सेटवरच्या त्याच्या वागण्यावर ठरते. तो कोणाच्या नजरेच्या रेषेत आला नसेल, रडण्याच्या प्रसंगात त्याने कॅमेरा खाली ठेवला असेल आणि आपल्याला नक्की काय हवे आहे हे त्याला दोन वाक्यांत सांगता येत असेल, तर माणसे थांबतात.

मुखवट्याची गोष्ट तर प्रसिद्धच आहे. खुन्याचा पांढरा चेहरा म्हणजे ‘स्टार ट्रेक’मधील कॅप्टन कर्क यांचा दुकानात मिळणारा स्वस्त मुखवटा होता. त्यावर पांढरा रंग देऊन आणि डोळ्यांची भोके मोठी करून तो वापरला गेला. पडद्यावर तो भयंकर वाटतो, कारण कंडी त्याला अर्ध्या अंधारात ठेवतात. तोच मुखवटा समोरून लख्ख प्रकाशात टिपला, तर वाचकाला रबराची घडी दिसेल आणि जाहिरातीचा परिणाम नेमका उलटा होईल. प्रसिद्धी विभाग ‘चेहरा स्पष्ट दिसू द्या’ असा आग्रह नेहमीच धरतो. भयपटाच्या छायाचित्रकाराचा कस त्या आग्रहापुढे किती नमायचे, हे ठरवण्यात लागतो.

निर्मात्या आणि सहलेखिका डेब्रा हिल, कारपेंटर व कंडी हे त्रिकूट पुढेही एकत्र राहिले आणि गॉटलीब-वॉकर त्यांच्यासोबत राहिल्या. ‘द फॉग’, म्हणजे धुके, १९८० मध्ये आला. त्याचे चित्रीकरण कॅलिफोर्नियातील पॉइंट रेझ येथील दीपगृहाच्या परिसरात झाले, आणि त्यात जॅनेट ली व जेमी ली कर्टिस या मायलेकी दोघीही होत्या. धुक्यात प्रकाशमापक हमखास फसतो. समोरचा पांढरेपणा त्याला जास्त प्रकाश वाटतो आणि त्याचे ऐकले तर चित्र काळवंडते, म्हणून तिथे मापकापेक्षा अनुभवावर भिस्त ठेवावी लागते. १९८१ मध्ये ‘हॅलोवीन २’ आणि ‘एस्केप फ्रॉम न्यूयॉर्क’ हे चित्रपट आले. यांपैकी दुसऱ्याचे न्यूयॉर्क प्रत्यक्षात बहुतांशी मिसूरीतील सेंट लुईस शहरात रात्री-अपरात्री उभे केलेले होते, आणि त्याचा खर्च ‘हॅलोवीन’च्या वीसपट, म्हणजे सुमारे ६० लाख डॉलर होता. १९८३ मध्ये कारपेंटर यांचा ‘क्रिस्टीन’ आला. त्यातील खलपात्र एक मोटारगाडी होती, आणि गाडीचा चेहरा शोधणे हे छायाचित्रकारासाठी माणसाच्या चेहऱ्यापेक्षा अवघड काम आहे, एवढेच म्हणतो.

पाच-सहा वर्षांत त्याच गोटातले पाच चित्रपट. कारकीर्द म्हणतात ती अशीच घडते. एका गाजलेल्या छायाचित्रामुळे पुढचे काम मिळाल्याची उदाहरणे या व्यवसायात विरळ आहेत, तर ‘गेल्या वेळी होत्या त्यांनाच बोलवा’ या एका वाक्यावर दहा-दहा वर्षे काम केलेली माणसे पुष्कळ आहेत. पुढे गॉटलीब-वॉकर दूरचित्रवाणीकडे वळल्या आणि ‘चीअर्स’ या विनोदी मालिकेच्या सेटवर त्यांनी बराच काळ काम केले. तिथे रात्री-अपरात्रीचे चित्रीकरण नाही, आठवड्याचे वेळापत्रक ठरलेले आणि उत्पन्न नियमित. भयपटांच्या चाहत्यांना हा उतार वाटेल. मला तो शहाणपणाचा निर्णय वाटतो. छायालेखकांच्या अमेरिकन कामगार संघटनेतही त्यांनी स्थिर छायाचित्रकारांच्या वतीने काम केले. कारपेंटर यांच्या सेटवरील छायाचित्रांचे त्यांचे पुस्तक मात्र २०१४ मध्ये, म्हणजे ‘हॅलोवीन’नंतर ३६ वर्षांनी निघाले.

प्रश्न : टेक चालू असताना कॅमेऱ्याचा खटका वाजत नाही का? ध्वनिमुद्रक त्यांना सेटवर उभे तरी कसे राहू देतात? (एक वाचक, नाशिक)

वाजतो, आणि म्हणूनच ब्लिंप नावाची पेटी अनेक वर्षे या व्यवसायाची ओळख होती. आतून जाड फोम लावलेल्या या पेटीत सबंध कॅमेरा बसवतात आणि भिंगावर तशीच बंदिस्त नळी चढवतात. कॅलिफोर्नियातील जेकबसन या पेट्या विशेष वापरात होत्या. आवाज जवळजवळ बंद होतो, पण कॅमेरा जड होतो आणि बाहेरून हाताशी राहणारी बटणे मोजकीच असतात. त्याहून जुन्या काळी, म्हणजे स्टुडिओंच्या भरभराटीत, टेक संपल्यावर नटांना पुन्हा जागेवर उभे करून तिपाईवरच्या मोठ्या कॅमेऱ्याने चित्र घेत असत. त्यामुळे १९३०च्या दशकातील प्रसंगचित्रे अतिशय रेखीव, पण काहीशी गोठलेली दिसतात.

गेल्या दहाएक वर्षांत आरसा नसलेले आणि इलेक्ट्रॉनिक शटर असलेले कॅमेरे आले आणि ब्लिंप बहुतेक ठिकाणी कपाटात गेला. त्यातला एक धोका नवोदितांनी ध्यानात ठेवावा. एलईडी दिव्यांचे सूक्ष्म लुकलुकणे डोळ्यांना दिसत नाही, पण चौकट ओळीओळीने वाचणारे निःशब्द शटर ते टिपते आणि चित्रावर आडवे पट्टे उमटतात. सेटवर गेल्यावर पहिले काम म्हणून प्रत्येक दिव्याखाली चाचणी घ्यावी आणि शंका आल्यास प्रकाश विभागाला आधीच विचारावे.

प्रश्न : भयपट, विज्ञानपट यांच्या सेटवरील काम सामाजिक किंवा विनोदी चित्रपटापेक्षा खरोखर निराळे असते का? (एक वाचक, ठाणे)

निराळे असते, आणि मुख्य फरक गुप्ततेचा असतो. सामाजिक चित्रपटाच्या प्रसिद्धीसाठी नटनट्यांचे चेहरे दाखवायचे असतात. भयपटात प्रेक्षक जे पाहायला येणार, तेच आधी दाखवायचे नसते. ‘एलियन’ या १९७९च्या चित्रपटाच्या पोस्टरवर प्राण्याचा मागमूस नव्हता, होते ते एक तडकलेले अंडे आणि त्यातून पाझरणारा हिरवा उजेड. पण म्हणून सेटवर प्राण्याची छायाचित्रे काढायची नाहीत, असे नाही. रंगभूषा, मुखवटे आणि यांत्रिक बाहुल्या यांची तपशीलवार नोंद हवीच असते, कारण दुसऱ्या दिवशी जखम त्याच जागी काढायची असते आणि वर्षभराने दुसरा भाग निघाल्यास सगळे नव्याने घडवावे लागते. म्हणजे छायाचित्रकाराकडे एकाच दिवसात दोन प्रकारचा साठा जमतो, लगेच बाहेर जाणारा आणि प्रदर्शनापर्यंत कुलुपात राहणारा. हा साठा वेगळा ठेवण्याची शिस्त नसेल, तर बाकी कौशल्य कितीही असो, या क्षेत्रात दुसरे काम मिळत नाही.

दुसरा फरक असा की इथे काही गोष्टी एकदाच घडतात. काच फुटणे, गाडी पेटणे, अंगावर कृत्रिम रक्ताची पिचकारी उडणे यांची दुसरी खेप अल्प खर्चाच्या चित्रपटाला परवडत नाही. त्यामुळे कुठे उभे राहायचे हे आदल्या दिवशीच ठरवून ठेवावे लागते, आणि ती जागा स्टंट किंवा स्फोट हाताळणाऱ्या प्रमुखाला विचारूनच ठरवायची असते. इथे धाडस दाखवणाऱ्यांचे मला कौतुक वाटत नाही.

तिसरी गोष्ट बाजारपेठेची. अमेरिकेत भयपट आणि विज्ञानपट यांना वाहिलेली स्वतंत्र मासिके होती. ‘फेमस मॉन्स्टर्स ऑफ फिल्मलँड’ १९५८ मध्ये, ‘स्टारलॉग’ १९७६ मध्ये आणि ‘फँगोरिया’ १९७९ मध्ये सुरू झाले. ही मासिके मुख्यतः छायाचित्रांवरच चालत असत, आणि त्यांचा वाचक नायिकेच्या छबीइतकीच रंगभूषाकाराच्या टेबलावरील रबरी हाताची छायाचित्रे मिटक्या मारत पाहत असे. त्यामुळे सेटवर पडद्यामागचे टिपण्याला इतर चित्रपटांत नसलेली किंमत आली, आणि एरवी कोणी जपून ठेवली नसती अशी हजारो छायाचित्रे जपली गेली. आपल्याकडे भयपट निघाले, पण असा वाचक घडवणारे मासिक रुजले नाही.

प्रश्न : एका चित्रपटासाठी मी स्थिर छायाचित्रण केले. आता निर्माते म्हणतात की माझ्या संकेतस्थळावरही ती छायाचित्रे मी लावू शकत नाही. छायाचित्र काढणाराच त्याचा मालक नसतो का? (एक छायाचित्रकार, कोल्हापूर)

या बाबतीत कायदा बहुधा निर्मात्यांच्या बाजूने आहे. भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७च्या कलम १७ नुसार, कोणाच्या सांगण्यावरून आणि मोबदला घेऊन काढलेल्या छायाचित्राची पहिली मालकी, उलट करार नसेल तर, काम सांगणाऱ्याकडे जाते. ‘उलट करार नसेल तर’ हे शब्द महत्त्वाचे आहेत, कारण तुमची सोय त्यांतूनच होऊ शकते. काम स्वीकारण्यापूर्वी दोन ओळी लिहून घ्याव्यात : चित्रपट प्रदर्शित झाल्यावर ठरावीक संख्येची छायाचित्रे स्वतःच्या कामाचा नमुना म्हणून दाखवता येतील, आणि जिथे छायाचित्र छापले जाईल तिथे नाव येईल. छायाचित्राची मालकी गेली, तरी आपले कर्तृत्व सांगण्याचा हक्क कलम ५७ नुसार छायाचित्रकाराकडे राहतो, हेही निर्मात्यांच्या निदर्शनास आणून द्यावे. प्रदर्शन व्हायचे असेल, तर मात्र तोपर्यंत थांबलेलेच बरे. तुमच्या करारात नेमके काय लिहिले आहे ते पत्रावरून कळत नाही, म्हणून तो एखाद्या वकिलाला दाखवून घ्यावा.

अमेरिकेत यात आणखी एक पेच असतो. मोठे नट आपल्या करारातच छायाचित्रे नापसंत करण्याचा हक्क राखून ठेवतात आणि त्यांनी बाद केलेली चित्रे वापरता येत नाहीत. निदान निम्मी तरी त्यांनी मान्य केली पाहिजेत, अशी अट सहसा असते.

प्रश्न : आपल्याकडे अशी कारकीर्द केलेले कोणी आहे का? त्यांचे काम कुठे पाहायला मिळेल? (एक वाचक, मडगाव)

सर्वांत मोठे नाव निमाई घोष यांचे आहे, आणि त्यांची सुरुवातही वास्तववादी चित्रपटाने न होता एका अद्भुतपटाने झाली, हे विशेष. मूळचे नाट्यकर्मी असलेले घोष १९६८ मध्ये बीरभूम जिल्ह्यात ‘गुपी गायन बाघा बायन’च्या चित्रीकरणाला एक साधा, भिंग न बदलता येणारा कॅमेरा घेऊन गेले. ती छायाचित्रे त्या चित्रपटाचे दिग्दर्शक सत्यजित राय यांना इतकी आवडली की पुढे सुमारे पाव शतक घोष त्यांच्यासोबत राहिले. ते फ्लॅश टाळत आणि सेटवर जो प्रकाश असेल त्यातच काम करत. २०१० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली आणि मार्च २०२० मध्ये त्यांचे निधन झाले. मुंबईत दामोदर कामत यांनी १९४०च्या दशकात सुरू केलेल्या कामत फोटो फ्लॅशने हिंदी चित्रपटांच्या सेटवरील छायाचित्रांचा मोठा संग्रह उभा केला आणि तो कुटुंबाने सांभाळला. भारताचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) आज पाहायला मिळत नाही. तो कसा होता, हे जे काही आपण डोळ्यांसमोर आणू शकतो ते उरलेल्या थोड्या छायाचित्रांवरून आणि जाहिरातींवरून.

पाहण्यासाठी पुण्यातील लॉ कॉलेज रस्त्यावरील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ही सर्वांत सोयीची जागा आहे. १९६४ मध्ये स्थापन झालेली ही संस्था २०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली असून, तिच्या संग्रहात चित्रपटांच्या जोडीने प्रसंगचित्रे, पोस्टर्स आणि गाण्यांच्या पुस्तिकाही आहेत. तिथे जाण्यापूर्वी आपल्याला कोणत्या चित्रपटांची छायाचित्रे पाहायची आहेत हे पत्राने कळवून परवानगी घ्यावी. जाल तेव्हा छायाचित्राची मागची बाजू पाहू देण्याची विनंतीही करून पाहा, कारण छायाचित्रकाराचा किंवा स्टुडिओचा शिक्का असला, तर तो बहुधा तिथेच असतो.